झाकणावरचं नाव

शिर्डी
६ ऑक्टोबर २०२४

प्रिय आण्णा,
जय भीम.

फोनवर तुम्हाला नीट ऐकू येत नाही आणि जेवढं ऐकू येतं तेवढ्यावर तुम्ही भाषण सुरू करता. म्हणून हे लिहून पाठवते आहे. कागदाला तरी तुम्ही मध्येच तोडणार नाही.

गोरक्षनाथचा टेम्पो झेंडू घेऊन शिर्डीला येतो आणि रिकामा परत जातो. त्याच्याशी बोलून ठेवलंय. दर दुसऱ्या रविवारी त्याच्यासोबत थर्माकोलची पेटी येईल. पेटीत अठ्ठावीस डबे. दोन आठवडे, दोन वेळा. सगळं गोठवलेलं आहे. आल्या आल्या हॉटेलात असतो तसल्या त्या छोट्या डीप फ्रीजरमध्ये ठेवायचं. तो उगाच नाही बसवला गेल्या महिन्यात.

आई जाऊन पाच महिने झाले. शेवगावच्या डॉक्टरांनी तुमचं वजन सत्तेचाळीस किलो सांगितलं. साखरेची गोळी तुम्ही वेळेवर घेता आणि जेवण मात्र चहा-खारीवर भागवता, हे मला ठाऊक आहे. तुम्ही शिर्डीला यायला तयार नाही, कारण तुमच्याशिवाय गावचं वाचनालय बंद पडेल. मान्य. पण माझंही एक ऐका. १५ जानेवारीला परत तपासणी आहे. तोवर काटा पन्नासवर गेला तर मी वाचनालयाचं नाव काढणार नाही. नाही गेला तर मी आणि संदीप गाडी घेऊन येऊ, वाचनालयाची किल्ली ग्रामपंचायतीत देऊ आणि तुम्हाला घेऊन जाऊ. दोन खोल्या आहेत, आणखी एक माणूस मावेल.

सोबत एक सूचनांचा कागद आहे. तो फ्रीजरवर चिकटवा. मी हॉटेलच्या भांडारावर आहे, रोज हेच काम करते, तेव्हा यात वाद घालू नका. प्रत्येक डब्याच्या झाकणावर काय आहे, कधी केलं आणि कसं गरम करायचं ते लिहिलंय.

तुमची,
माधुरी


निंबेवाडी, ता. शेवगाव
१३ ऑक्टोबर २०२४

चि. माधुरी,
जय भीम.

पेटी मिळाली. डबे मोजून घेतले. तुझ्या कागदावर सतरा सूचना आहेत. साखर कारखान्याच्या काट्यावर मी सदतीस वर्षं कारकुनी केली, उसाच्या हजारो गाड्या तोलल्या, तिथं इतके नियम नव्हते.

आठवडाभर डब्यांना हात लावला नव्हता. काल उद्घाटन केलं. काल अशोक विजयादशमी होती, हे तुला सांगायला नको. संध्याकाळी मी बुद्धविहारात तासभर बोललो, घरी आलो, डबा काढला. झाकणावर तारीख १५ सप्टेंबर. सत्तावीस दिवसांची वांग्याची भाजी. ज्या दिवशी आपण माणूस झालो त्या दिवशी मी सत्तावीस दिवसांची भाजी हातात धरून उभा.

तू म्हणशील, म्हातारा नाटकी आहे. तर ऐक. माझी आई राहीबाई रोज संध्याकाळी टोपली घेऊन गावात फिरायची. जमीनदार सहादेवाच्या ओसरीवरून भाकरीचे तुकडे वरून टाकायचे, हात लागू नये म्हणून. ताजे तुकडे आम्ही खायचो, उरलेले ती पत्र्यावर वाळवायची आणि गाडग्यात भरून ठेवायची. पावसाळ्यात काम नसलं की ते मिठाच्या पाण्यात शिजवायचे. साठवलेलं अन्न काय असतं, ते मला हॉटेलवाल्यांनी शिकवायला नको. छप्पन साली बापानं ते गाडगं अंगणात आपटलं. मी सहा वर्षांचा होतो. खापऱ्या मी गोळा केल्या. त्या दिवशी बाप म्हणाला, या घरात पुन्हा शिळं शिजणार नाही. अडुसष्ट वर्षं शिजलं नाही. तुझ्या आईनं भाकरी रोज दोनदा थापली, तापात सुद्धा.

हे मी व्यासपीठावरून शंभर वेळा सांगितलंय. आता माझ्याच घरात फ्रीजरला शीतगृह म्हणायचं की गाडगं?

तरी तुझ्यासाठी प्रयत्न करतो. एक डबा मोडला. झाकण उघडेना म्हणून आख्खा डबा उकळत्या पाण्यात उभा केला. बूड वाकडं झालं. दोष डब्याचा.

रिकामे झालेले दोन डबे धुऊन पाठवतो. रिकामा डबा आपल्यात परत देत नाहीत, म्हणून त्यांत लिंबं भरली आहेत.

भीमराज


शिर्डी
२० ऑक्टोबर २०२४

प्रिय आण्णा,
जय भीम.

आजीचं गाडगं मला तुम्ही पहिल्यांदा सांगताय असं समजू नका. मी ते तुमच्या मांडीवर बसून ऐकलंय, आणि सातवीत त्यावर निबंध लिहून बक्षीस घेतलंय. पण तुम्ही निबंधात अडकून राहिलात आणि भूक बाहेर उभी आहे.

शिळं म्हणजे उघड्यावर राहून बिघडायला लागलेलं. हे शिजवलं, परातीत पसरून लवकर गार केलं, दोन तासांच्या आत डब्यात भरलं, झाकणाची रबरी कड दाबून बंद केलं आणि गोठवलं. त्या थंडीत खराबी वाढतच नाही, ती जागच्या जागी थांबते. आणि हे कुणाचं उरलेलं नाही. शनिवारी रात्रीची भाजी चुलीवरून उतरली की संदीपच्या आणि पोरांच्या ताटात पडायच्या आधी मी तुमचे डबे भरते. पोरं ओरडतात, आजोबांचं आधी का.

आता कामाचं. डबा गॅसवर, उकळत्या पाण्यात, उन्हात, कशातही तापवायचा नाही. प्लास्टिक आहे ते, पितळ नाही. रात्री झोपताना दुसऱ्या दिवसाचे दोन डबे फ्रीजरमधून काढून आईच्या फ्रीजच्या खालच्या कप्प्यात ठेवायचे. सकाळपर्यंत सुटतात. मग कढईत ओतून खळखळ उकळी आणायची. एकदा सुटलेलं परत गोठवायचं नाही. झाकण उघडत नसेल तर नळाच्या साध्या पाण्याखाली धरा. डब्यात वर बोटभर जागा मी मुद्दाम सोडते, गोठताना रस्सा फुगतो. तुम्हाला वाटेल लेकीनं कमी भरलं.

पाण्याच्या फुग्यासारखी भाषणं फुगवू नका, तेवढं जेवा.

माधुरी


निंबेवाडी
१० नोव्हेंबर २०२४

चि. माधुरी,
जय भीम.

तुझा विज्ञानाचा धडा मिळाला. मी विज्ञानवादी माणूस आहे, विज्ञान मला शिकवू नकोस. ज्या गावात मंगळवारी डीपी जळते आणि शुक्रवारी दुरुस्त होते, त्या गावात तुझं विज्ञान गोठवून ठेवायला वीज कुठून आणायची, तेवढं सांग. तीन दिवस वीज नव्हती. मी महावितरणच्या कार्यालयात दोनदा गेलो. तिथला साहेब म्हणाला, काका, डीपी वरून आल्याशिवाय मी काय करू. मी त्याला विचारलं, वर म्हणजे कुठं, आकाशात? कार्यालयातले सगळे हसले, तोही हसला, डीपी आली नाही.

अन्न नीट आहे का हे पाहायला मी तासातासाला फ्रीजर उघडत होतो. गुरुवारी सगळं मऊ झालं होतं. शुक्रवारी वीज आल्यावर परत दगड झालं. म्हणजे तुझी व्यवस्था उत्तम आहे, फक्त आपला देश तिला पुरत नाही.

तू विचारतेस जेवतो का. जेवतो. वजनाचं सांगायचं तर काट्यावर माझा विश्वास नाही. काट्यावर काय काय होतं ते मी सदतीस वर्षं पाहिलंय.

सोबत सव्वीस डबे. काहींत चिंचा आहेत, काहींत शेंगदाण्याची चटणी. खाऊन सांग.

भीमराज


शिर्डी
१७ नोव्हेंबर २०२४

आण्णा,
जय भीम.

वीज गेली की फ्रीजर उघडायचा नसतो. सूचना क्रमांक अकरा, मोठ्या अक्षरात. झाकण न उघडता भरलेला फ्रीजर दीड-दोन दिवस थंडी धरून ठेवतो. तुम्ही तासातासाला उघडून सगळी थंडी ओसरीवर सोडून दिली. गुरुवारी मऊ झालेलं सगळं फेकून द्यायला हवं होतं. ते परत गोठलं म्हणून चांगलं झालं, असं नसतं. त्यातलं काही उरलं असेल तर आजच्या आज खड्ड्यात पुरा. कुत्र्याला सुद्धा घालू नका. मी पुन्हा सगळं करून पाठवते आहे. काल रात्री एक वाजेपर्यंत उभी होते आणि सकाळी सहाला कामावर गेले, हे तक्रार म्हणून नाही, माहिती म्हणून लिहिते.

दुसरं. ती चटणी कोणी कुटली?

आईचं उखळ माळ्यावर आहे, ते मी स्वतः ठेवलंय. तुम्हाला मीठ कोणत्या डब्यात आहे हे विचारायला मला फोन करावा लागतो. ही चटणी उखळातली आहे, मिक्सरची नाही. लसूण अख्खा ठेचलेला आहे. आणि एका डब्यात तळाशी राखेचे कण होते, चुलीपाशी भरल्यासारखे. तुमच्याकडे चूल नाही.

तेव्हा सरळ सांगा.

माधुरी


निंबेवाडी
२२ नोव्हेंबर २०२४

चि. माधुरी,

चटणी मीच कुटली. माणूस चौऱ्याहत्तराव्या वर्षीही शिकू शकतो, याचं तुला आश्चर्य का वाटावं? तुझ्या भांडाराच्या नोकरीत तुला पोलिसाची नजर आली आहे.

२६ तारखेला संविधान दिनाचं भाषण शेवगावला आहे. तयारीत आहे. जास्त लिहीत नाही. मऊ झालेलं सगळं पुरलं.

भीमराज


शिर्डी
१ डिसेंबर २०२४

आण्णा,

गोरक्षनाथ काल झेंडू उतरवून माझ्या हॉटेलच्या मागच्या दाराशी आला. आधी इकडचं तिकडचं बोलला. मग म्हणाला, ताई, आण्णांनी सांगू नको म्हणलंय, पण माझ्याच्यानं राहवंना.

तुम्ही व्यासपीठावर कलम सतरावर बोलत होतात. बोलता बोलता माईकला धरलंत आणि माईकसकट खाली बसलात. पोरांनी साखरेचं पाणी पाजलं. दवाखान्यात साखर पंचावन्न निघाली. डॉक्टरांनी विचारलं सकाळी काय खाल्लं, तुम्ही म्हणालात गोळी. शेवगावभर हा विनोद झालाय, आणि मला माझ्या वडिलांची बातमी फुलांच्या टेम्पोतून कळते.

अठ्ठावीस डबे दर पंधरा दिवसांनी जातात. रिकामे होऊन परत येतात. मग पंचावन्न कशी? मला डबे आणि आकडे दोन्ही खोटे वाटायला लागलेत.

मी हॉटेलात रजा टाकली आहे. ८ तारखेला येते. सामान बांधून ठेवा. वाचनालयाचं काय ते तेव्हा पाहू.

या पेटीत पुन्हा अठ्ठावीस डबे आहेत. हे शेवटचे.

माधुरी


[परत आलेल्या एका डब्यात, चटणीच्या पुरचुंडीखाली, वहीच्या अर्ध्या पानावर]

४ डिसेंबर

माधुरी पोरी,

मी रतनबाई. तुमच्या गल्लीच्या कोपऱ्यावरची, सहादेवाची सून. तू लहान हुती तवा आमच्या बोरीखाली यायची.

लिवताना चुका व्हतील. मास्तरांच्या साक्षरता वर्गात शिकले, तेवढंच येतं.

दसऱ्यापासून मास्तर रोज दोन डबे आणून माज्या ओसरीच्या कट्ट्यावर ठेवत्यात. म्हणले, घरात जास्त हुतंय, घे. मी घेतले. खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. दिसभर खुरपायला जाते, आल्यावर चूल पेटवायला जीव ऱ्हात न्हाई. तुजी आमटी लई चवीची. डब्यावर लिवल्यालं असतं ते सगळं वाचून तसंच करती. रात्री काढून ठेवते, सकाळी उकळते. डबा रिकामा कसा द्यायचा म्हणून चटणी भरती.

पर मास्तर वाळत चाललेत. मी इचारलं, तुमी काय खाता. म्हणले पोट भरलंय. शेवगावात पडले ते ऐकलं तवा मला उमगलं का हे त्यांचंच जेवण मी खाती. झाकणावर "आण्णांसाठी" लिवलंय. मला वाटलं हुतं तुज्याकडं तशी पद्धत आसंल, सगळ्या डब्यावर लिवायची.

आता डबा घशाखाली उतरंना. काय करू सांग. त्यांना सांगू नको मी लिवलं.

रतनबाई


शिर्डी
६ डिसेंबर २०२४

आण्णा,

आज सहा डिसेंबर. आजच्या दिवशी घरात आवाज चढवायचा नाही, असं आई म्हणायची. म्हणून हे हळू आवाजात वाचा.

मला सगळं कळलंय. कसं कळलं ते विचारू नका. दोन महिने तुम्ही माझे डबे रतनबाईच्या कट्ट्यावर ठेवलेत.

तुम्ही ते खाल्ले नाहीत, याचा राग आहेच. दर शनिवारी रात्री एक वाजेपर्यंत मी उभी राहिले त्याचा राग आहे. डीपी जळाली त्या आठवड्यातले मऊ होऊन परत गोठलेले डबे तिला दिलेत का, हा विचार डोक्यातून जात नाही. ती आजारी पडली असती तर कोणत्या व्यासपीठावर त्याचं उत्तर दिलं असतं?

पण खरा राग वेगळा आहे. तो लिहायला मला अख्खी रात्र लागली.

तुमच्या लेखी ते अन्न शिळं होतं. तुम्हीच लिहिलंत. गाडग्यातलं. ज्याला तुमच्या बापानं हात लावायचा नाही असं ठरवलं, ते. मग ज्याला तुम्ही शिळं समजता ते तुम्ही दुसऱ्या बाईच्या ओसरीवर ठेवून आलात. कट्ट्यावर. दारात. तिच्या हातात सुद्धा दिलं नाहीत. आजीच्या टोपलीत पडायचं ते आणि हे, यात फरक काय, मला समजावून सांगा. अन्न चांगलं होतं, ही माझी पुण्याई. तुमच्या मनात ते चांगलं नव्हतं.

तुम्ही मला शिकवलंत की आपण जे खाणार नाही ते कुणाला द्यायचं नाही. सहावीत माझा तुटलेला लाडू मी शेजारच्या मुलीला दिला तेव्हा तुम्ही मला तिच्या घरी नेऊन माफी मागायला लावली होती. मी ती माफी अजून विसरले नाही.

८ तारखेला मी येत नाही. रजा रद्द केली. तुम्हाला उचलून शिर्डीला आणलं तर हे प्रकरण तसंच राहील. आधी तुमचं काय ते तुम्ही निस्तरा.

माधुरी


निंबेवाडी
१० डिसेंबर २०२४

चि. माधुरी,
जय भीम.

तुझं पत्र तीन वेळा वाचलं. पहिल्यांदा उत्तर तयार केलं, चांगलं चार पानी, दाखल्यांसकट. दुसऱ्यांदा वाचून ते फाडलं. तिसऱ्यांदा वाचून काठी घेतली आणि रतनबाईकडे गेलो.

त्याआधी तुला एक सांगायचं आहे, जे तुझ्या पत्रातही नाही. पहिला डबा घेऊन मी तिच्या ओसरीपाशी गेलो तेव्हा माझ्या मनात दया नव्हती. दुसरीही घरं होती गल्लीत. मी तिचंच निवडलं. ती सहादेवाची सून. त्याच ओसरीवरून माझ्या आईच्या टोपलीत तुकडे पडायचे. वाटण्या होऊन आता त्या घराकडे दीड एकर उरलाय आणि रतनबाई दुसऱ्याच्या रानात खुरपायला जाते. त्या कट्ट्यावर डबा ठेवताना माझ्या आत कुणीतरी खूश झालं. मी ते ओळखलं आणि तरी दुसऱ्या दिवशी परत गेलो. समतेवर पन्नास वर्षं बोलणारा माणूस रोज संध्याकाळी जुनं उट्टं काढत होता, तेही लेकीच्या स्वयंपाकानं. आणि ज्या बाईवर काढत होता तिला त्यातलं काहीच माहीत नव्हतं. ती तर तेव्हा या गावात आलीही नव्हती.

मऊ झालेले डबे तिला दिले नव्हते. तेवढं शहाणपण होतं. ते खरंच पुरले. चटणीबद्दल मात्र खोटं बोललो.

तर गेलो. ती चुलीपाशी होती. मी दारात उभा राहून म्हणालो, रतनबाई, मी तुला दोन महिने शिळं दिलं, माफ कर. मला वाटलं ती चिडेल, रडेल, निदान गोंधळेल. तिनं फुंकणी खाली ठेवली आणि विचारलं,

"मास्तर, येक तरी डबा उघडून वास घेतला का तुमी?"

मी म्हणालो, नाही.

"मंग शिळं हाय हे कसं कळलं?"

मी म्हणालो, झाकणावर तारीख होती.

"तारीख म्या बी वाचली. तुमीच शिकवलं वाचायला. पर तारखेच्या वर तुमचं नाव हुतं. ते वाचायला का चष्मा लागतो?"

मी चष्मा काढून पुसला आणि परत चढवला.  

मग ती म्हणाली, आजचा डबा अजून उघडला नाही, बसा. मी बसलो. तिनं नळाखाली धरून झाकण काढलं, कढईत उकळी आणली, मला आधी वाढलं. मी म्हणालो तू पण घे. ती म्हणाली, एकाच्या जेवणात दोन माणसं कशी भागायची, भाकरी माझी, आमटी तुमची. असं जेवलो. मुगाची आमटी होती. १७ नोव्हेंबरची. तुझ्या आईच्या हातून जो कढीपत्ता जरा जास्त पडायचा, तोही त्यात होता.

वाईट नव्हती.

जाताना मी तिला सांगितलं की पुढं डबे द्यायला येणार नाही. तर म्हणाली, देऊ नका, जेवायला या. तुमच्या ताटात काय पडतंय ते मला बघायला मिळंल, आन् तुमचं भाषण मला ऐकायला मिळंल. मी विचारलं, भाषण ऐकायचं आहे तुला? म्हणाली, न्हाई, पर जेवताना कुणीतरी बोलावं लागतं.

तुझ्यावर मी अजून नाराज आहे. दोन गोष्टींसाठी. बटाट्याची भाजी गोठवू नकोस, रतनबाई म्हणते ती सुटल्यावर चिकट लागते, चोथ्यासारखी. आणि पत्र हळू आवाजात वाचायला सांगितलंस, ते जमलं नाही.

भीमराज


शिर्डी
१५ डिसेंबर २०२४

आण्णा,
जय भीम.

बटाट्याचं बरोबर आहे. माझी चूक. हॉटेलातही बटाटा गोठवत नाहीत, घाईत विसरले.

आजपासून छप्पन डबे येतील. अर्ध्यांवर तुमचं नाव, अर्ध्यांवर रतनबाईंचं. त्या नको म्हणतील. त्यांना सांगा की चटणी दर पेटीत हवी, आणि पोरांना ती फार आवडते, तेव्हा हा सरळ व्यवहार आहे. उपकार कुणाचा कुणावर नाही. त्यांचे डबे त्यांच्या हातात द्या. कट्ट्यावर नको.

जुन्या उट्ट्याबद्दल तुम्ही लिहिलंत ते मी भांडारात पोत्यावर बसून वाचलं. आजीला जे झालं ते पुसलं जात नाही आणि पुसूही नये. पण ते रतनबाईंच्या ताटात टाकायचं नव्हतं. तुम्ही हे मला न लिहिता राहू शकला असतात. लिहिलंत. त्यासाठी तुमच्यावरचा अर्धा राग कमी झालाय. उरलेला अर्धा १५ जानेवारीच्या काट्यावर अवलंबून आहे. आणि तुमचा काट्यावर विश्वास असो की नसो, मी पावती बघणार.

माधुरी


निंबेवाडी
१९ जानेवारी २०२५

चि. माधुरी,
जय भीम.

पावती जोडली आहे. एकोणपन्नास किलो सहाशे. चारशे ग्रॅम कमी. डॉक्टर म्हणाले, काका, इतकं चालतं. मी म्हणालो, माझ्या लेकीला तुम्ही ओळखत नाही. काट्यावर उभं राहताना चपला काढायला लावल्या त्यांनी, नाहीतर पन्नास झाले असते. काट्यावरची ही जुनी युक्ती, मला माहीत असूनही मी वापरली नाही, याची नोंद घे. वाचनालयाची किल्ली अजून माझ्या खिशात आहे. ती कुणाला द्यायची की नाही हे चारशे ग्रॅमवर ठरवायचं असेल तर ठरव, मी निषेध नोंदवून गप्प बसेन.

सोबतच्या पेटीत धुतलेले डबे आहेत, चटणीचे. वेगळा ठेवलेला एक डबा मात्र उघडू नकोस. तो सरळ तुझ्या फ्रीजरमध्ये टाक.

त्यात हुरडा आहे. गुरुवारी रतनबाईच्या दीड एकरातल्या ज्वारीचा. कणसं आगटीत भाजली तिनं, चोळली मी. तळहात अजून काळे आहेत. तिचं म्हणणं, हुरडा गरम गरमच खायचा, साठवायचा नसतो, कुणी ऐकलंय का असलं. मी तिला सूचना क्रमांक एक ते सतरा वाचून दाखवल्या. परातीत पसरून गार केला. अर्ध्या तासात डब्यात भरला. रबरी कड पुसून कोरडी केली, दाणा अडकला तर हवा आत जाते, हे मी तिला सांगितलं, ती म्हणाली व्हय मास्तर, सांगा अजून. बोटभर जागा सोडली, हुरड्यात रस्सा नाही तरी. नियम तो नियम. मग गोठवला, तीन दिवस माझ्याकडे ठेवला आणि वीज एकदाही गेली नाही. महावितरणनं इतिहासात पहिल्यांदा मला साथ दिली.

तुझ्या आईला हुरडा फार आवडायचा. दर जानेवारीत म्हणायची, हा उन्हाळ्यात मिळाला पाहिजे. मी तिला सांगायचो, सुमन, प्रत्येक गोष्टीला हंगाम असतो. मोठ्यानं सांगायचो. मे महिन्यात तिला जाऊन वर्ष होईल. त्या दिवशी तू आणि पोरं इकडे याल तेव्हा तो डबा घेऊन ये. आपण चौघं-पाचजण खाऊ. रतनबाईलाही बोलावलंय.

तेव्हा तो चार महिन्यांचा असेल. मी शिळा म्हणणार नाही.

झाकणावर मी माझ्या हातानं तुझ्या आईचं नाव लिहिलंय. अक्षर थोडं हललंय, पेन बर्फावर चालत नव्हतं. आधी नाव वाच. तारीख नंतर.

भीमराज